देव पाण्यात होते तेव्हा

देव आहे की नाही ते मला विचारू नका. त्या वर्षी मी त्याच्याशी कडाकडा भांडले, एवढं मात्र खरं. माझा एकुलता एक मुलगा खोपोलीच्या शिळफाट्यावर सायकलच्या दुकानात कामाला होता. दुकानासाठी टायर आणायला तो पुण्याला निघाला. "सांजच्या गाडीनं येतो गं आये," म्हणाला, आणि आला नाही.

गावाजवळच्या ठाण्यात गेले, तर म्हणाले, दुकान खोपोलीत, ही आमची हद्द नाही. तिकडच्या ठाण्यात म्हणाले, गाडीनं गेला ना, मग रेल्वेकडे जा. रेल्वेचे पोलीस म्हणाले, तो गाडीत चढला याला पुरावा काय? फिरून पहिल्या ठाण्यात आले, तर हवालदार पान चघळत म्हणाला, "बाई, पोरगा तरणा हाय. गेला असंल कुणाला घिऊन. नातवंडच आणील बघ तुला." आणि हसला. मेल्याची जीभ कशी झडली नाही! माझं लेकरू म्हणजे काय बांधावरची मोळी, याच्या शेतातून उचलून त्याच्या शेतात टाकायला?

तो राग मी घरी येऊन देवांवर काढला. देव्हाऱ्यातले सगळे टाक उचलले आणि घंगाळात पाण्याखाली ठेवले. आमच्याकडे संकटात देव पाण्यात घालतात, पण हात जोडून, काकुळतीला येऊन. मी तसे घातले नाहीत. कुळदेवीला म्हटलं, "माझा जीव गुदमरतोय, तसा तुझाही गुदमरू दे. पोर दारात आलं की काढीन." जाऊबाई म्हणाल्या, "अगं, कोपेल ती!" म्हटलं, आणखी काय कोपायची राहिली आहे?

दुकानाचे मालक हसनभाई एक दिवस घरी आले. पाणीसुद्धा न घेता म्हणाले, "ताई, पोर माझ्या कामाला गेलं होतं. मी गप कसा बसू?" ओळखीच्या वकिलाकडे मुंबईला तेच मला घेऊन गेले. हायकोर्टात मी मागच्या बाकावर पदर घट्ट धरून बसले होते. जजसाहेबांनी सरकारी वकिलाला काहीतरी विचारलं. तो हद्दीचंच पालुपद घेऊन बसला, तसा त्यांचा आवाज चढला. इंग्रजी मला कळलं नाही, पण चिडलेला माणूस कळतो. बाहेर आल्यावर हसनभाई म्हणाले, "तपास सगळ्यांकडून काढून सीआयडीला दिला, ताई. आता हद्दीचा प्रश्न नाही." मला हायसं वाटलं आणि संतापही आला. एका आईचं पोर नुसतं शोधायला हायकोर्टाचा हुकूम लागावा?

सीआयडीचे साहेब घाटातली एकेक वाडी पायी फिरले. दुसरं काही केलं नाही त्यांनी, फक्त माणसांना विचारलं. मग मला न्यायला स्वतः दारात आले, तेव्हाच मी समजले.

ठाकुरवाडीच्या खाली, रुळांपासून आत, एका म्हातारीचं खोपट होतं. तिनं एक शर्ट पुढे केला. काळ्या शर्टाला पांढऱ्या दोऱ्यानं लावलेलं बटण. ते मीच लावलं होतं, घरात काळा दोरा नव्हता म्हणून.

गाडीच्या दारातून तो पडला होता. म्हातारीला सापडला तेव्हा जिवंत होता. तिचा मुलगा धावत चौकीवर गेला, तर "ती हद्द आमची नाय" म्हणून त्याला हाकलून दिलं. जिवंत होता हो माझा मुलगा! एक झोळी आणि चार माणसं, एवढंच लागत होतं. पुढे त्या चौकीवरच्या पोलिसांची चौकशी लागली, नोकऱ्या गेल्या म्हणतात. माझा तळतळाट काही गेलेला नाही.

वाडीच्या लोकांनी पोलिसांच्या भीतीनं त्याला तिथंच करवंदीच्या जाळीजवळ पुरलं होतं. दगडाच्या आडोशाला पणती जळत होती. दिवसाउजेडी.

"नाव ठावं नव्हतं त्याचं," म्हातारी म्हणाली. "पर कुणाची तरी आय येईल, तवर दिवा इझू द्याचा नाय, असं म्हनलं."

मी विचारलं, "काही बोलला का गं तो?"

"डोस्कं मांडीवर घेतलं, तवा आये, आये, अशी हाक मारली. डोळं मिटल्यालं व्हतं त्याचं." तिनं माझा हात धरला. "म्यां ओ दिली."

घरी येऊन मी घंगाळाशी बसले. एकेक टाक बाहेर काढला, पदरानं पुसला, देव्हाऱ्यात ठेवला. पोर दारात आलं नव्हतं, तरी काढले. मी मागितलं ते कुळदेवीनं दिलं नाही, आणि का दिलं नाही हे विचारायचं मी आता सोडून दिलंय. माझं भांडण ऐकायला ती घंगाळात नव्हतीच. मी इकडे तिला पाण्यात कोंडलं होतं, आणि ती तिकडे माझ्या लेकराचं डोकं मांडीवर घेऊन, माझ्या नावाची ओ देत बसली होती.