नऊ नंबरचा गुडघा

कार्डिफला आले तेव्हा पहिलं वर्षभर मला काहीच काम नव्हतं. नवरा हॉस्पिटलमध्ये भूलतज्ज्ञ, त्याच्या ड्युट्या वेळी-अवेळी. मी कोल्हापुरात चांगली फिजिओथेरपी करत होते, पण इथलं रजिस्ट्रेशन येईपर्यंत मला स्वतःला फिजिओ म्हणवून घ्यायचीही परवानगी नव्हती. ते काही केल्या येत नव्हतं. सकाळी नवरा गेला की मी खिडकीशी बसायची आणि समोरच्या घरांच्या एकसारख्या दारांकडे बघत राहायची.

नवऱ्याच्या ऑपरेशन थिएटरमध्ये एक वेल्श नर्स होती. तिचा नवरा धंद्याने प्लंबर आणि हौसेने एका लहानशा फुटबॉल क्लबचा कोच. क्लब कार्डिफच्या वरच्या अंगाला, दरीतल्या एका गावात होता. तिथल्या कोळशाच्या खाणी कधीच बंद पडलेल्या. दर शनिवारी बर्फ आणि बँडेज घेऊन मैदानात धावणारे क्लबचे एक आजोबा आता थकले होते. "तुझी बायको येईल का रे? नुसती बर्फाची पिशवी धरायची," असं तिने माझ्या नवऱ्याला विचारलं. त्याने घाबरत घाबरत मला विचारलं आणि मी एका पायावर तयार झाले.

त्याला याचं आश्चर्य वाटलं. तो पुण्याचा. कोल्हापुरात फुटबॉल म्हणजे काय असतं ते त्याला कुठून माहीत असणार? माझा थोरला भाऊ आमच्या पेठेतल्या तालमीच्या संघाचा गोलकीपर होता. मॅच हरली की आमच्या घरात चूल पेटायची नाही, आणि जिंकली की आई गल्लीभर साखर वाटायची. ऑफसाइड मला बाराखडीबरोबर कळला होता.

तर मी शनिवारी ट्रेनने दरीत जायला लागले. मैदान डोंगराच्या कुशीत, एका बाजूला चक्क उतरतं. बघायला माणसं मोजकीच, त्यांत कुत्री फिरवायला आलेलेच जास्त. खेळाडू म्हणजे सुतार, बस ड्रायव्हर, शाळामास्तर. मला सगळे 'लव्ह' म्हणायचे. पहिल्यांदा मी कावरीबावरी झाले, मग कळलं, इथे दुकानातली म्हातारी बाईसुद्धा 'लव्ह'च म्हणते. आमच्या मराठी मंडळात ही बातमी पसरली तेव्हा एक काकू गणपतीच्या आरतीनंतर मला बाजूला घेऊन म्हणाल्या, "अगं, शिकलेली मुलगी तू, परक्या पुरुषांचे पाय कसले चोळत बसतेस?" मी म्हटलं, "काकू, हॉस्पिटलात काय बायकांचेच पाय मोडतात?" नंतर मोदक वाढताना त्या मला वगळून पुढे गेल्या.

त्या संघात एकच माणूस असा होता की ज्याच्याकडे बॉल गेला की कुत्रेवालेही थांबायचे. तो नऊ नंबर. युक्रेनचा. उंच, खांदे किंचित पुढे झुकलेले, केस कातरून अगदी बारीक केलेले. बॉल पायाशी आला की तो क्षणभर थबकायचा, जणू काही विसरलाय, आणि मग उजवीकडून असा निसटायचा की समोरचा बचावपटू तोंडावर आपटायचा. नेहमी उजवीकडूनच. मला वाटायचं, ही त्याची खास चाल.

तो मला 'डॉक्टर' म्हणायचा. मी डॉक्टर नाही, असं किती वेळा सांगितलं.

"माझ्या गावात पांढरी पिशवी ज्याच्या हातात, तो डॉक्टर," तो म्हणायचा.

त्याचं इंग्रजी तुटकं, माझं पुस्तकी. त्यामुळे आम्हा दोघांना एकमेकांचं बरोबर कळायचं. वेल्श लोकांचं बोलणं दोघांनाही कळायचं नाही. हळूहळू त्याची हकिगत समजली. त्याच्या देशात पूर्वेकडच्या एका गावात साखर कारखान्याचा क्लब होता, खालच्या डिव्हिजनमधला. शाळा सोडल्यापासून तो तिथे खेळला. साखर कारखान्याची टीम म्हटल्यावर मला एकदम घरचं वाटलं; आमच्याकडेही कारखाने पैलवान पोसायचे. एका वर्षी कारखाना विकला गेला आणि नव्या मालकाने क्लब बंद केला. एका एजंटने त्याला लिथुएनियाला नेलं. तिथे एक हंगाम खेळला, तिथलीच मुलगी बघून लग्न केलं. मग लिथुएनिया युरोपियन युनियनमध्ये आला, बायकोला इथे कामाची मुभा मिळाली आणि तिच्यामागून त्यालाही. एजंट म्हणाला होता, इंग्लंडचे क्लब तुझी वाट बघतायत. इथे आल्यावर एजंटचा फोन लागेना. बायको वृद्धाश्रमात कामाला लागली आणि तो पहाटे कोंबड्यांच्या फॅक्टरीत. थंडगार हॉलमध्ये उभं राहून दुपारपर्यंत कोंबड्यांचे तुकडे ट्रेमध्ये भरायचे. शनिवारी फुटबॉल.

"हे तात्पुरतं," तो म्हणायचा. कोंबड्यांबद्दल की आमच्या क्लबबद्दल, ते मी विचारलं नाही.

दुसऱ्या हिवाळ्यात ते घडलं. समोरच्या संघाचा गोलकीपर बघायला पुलापलीकडून, इंग्लंडातून, एका पगारी क्लबचा माणूस आला होता. त्या दिवशी आमच्या नऊ नंबरने त्याच गोलकीपरला तीनदा चकवलं. मॅच संपल्यावर तो माणूस गोलकीपरकडे गेलाच नाही. चिखलातून सरळ आमच्याकडे आला आणि म्हणाला, "आठवडाभर ट्रायलला येशील?"

कोचने टोपी काढून डोकं खाजवलं. त्याला आपला हुकमी खेळाडू जाणार हे दिसत होतं, तरी तो सगळ्यांत मोठ्याने हसला. क्लबहाउसमध्ये त्या संध्याकाळी एवढं गाणं-बजावणं झालं की माझी ट्रेन चुकली. त्याची बायको पहिल्यांदाच आली होती, कामाचा निळा अंगरखा तसाच. ती माझ्या शेजारी बसली आणि म्हणाली, "हा हसला की किती लहान दिसतो, नाही?"

तो आठवडाभर गेला. बुधवारी त्याने फोन केला. सरावाच्या मॅचमध्ये दोन गोल केले होते. त्यांच्या मॅनेजरने पाठीवर थाप मारून म्हटलं होतं, "इतकी वर्षं कुठे लपला होतास?" हे वाक्य त्याने मला दोनदा सांगितलं, इंग्रजीत, त्या मॅनेजरच्या आवाजाची नक्कल करत.

रविवारी दुपारी दोघं नवरा-बायको आमच्या घरी आले. फोन न करता. मी पोहे करत होते. नवऱ्याने दार उघडलं आणि त्यांचे चेहरे बघून तो नुसता बाजूला झाला.

"त्यांचा डॉक्टर म्हणतो, माझ्या डाव्या गुडघ्यात आतली एक दोरी नाही," तो म्हणाला. "त्यांनी मशिनमध्ये बघितलं. नाही म्हणजे काय? मी धावतो की. तू बघ. तू सांग."

मी गॅस बंद केला. त्याला दिवाणखान्यात गालिच्यावर उताणं झोपवलं. गुडघा दुमडायला सांगितला, त्याच्या पावलावर बसले आणि दोन्ही हातांनी नडगी माझ्याकडे ओढली. उजवी नडगी ओढल्यावर जागच्या जागी अडली, अडायला हवी तशी. डावी टेबलाच्या खणासारखी पुढे सरकली. काहीच अडलं नाही. मी पुन्हा ओढून बघितलं, उगाच. त्याने मान उचलून माझ्या तोंडाकडे बघितलं आणि परत खाली टाकली.

"कधी लागलं होतं?" मी विचारलं.

तो छताकडे बघत म्हणाला, एकोणीस वर्षांचा होतो. बर्फात मॅच होती. आतून आवाज आला, फांदी मोडल्यासारखा. गुडघा भोपळ्याएवढा सुजला. कारखान्याच्या डॉक्टरने इंजेक्शन दिलं. सूज उतरल्यावर खेळायला लागलो.

"आणि त्याच्यानंतर डावीकडे वळायचं बंद केलंस."

"डावीकडे वळलो की पाय माझा नसल्यासारखा वाटायचा. म्हणून उजवीकडून जायला शिकलो. सगळे म्हणायचे, काय सुंदर चाल आहे."

त्याची बायको सोफ्याच्या कडेवर बसली होती. तिने विचारलं, "ऑपरेशन होतं ना याचं?"

होतं, मी म्हटलं. पण इतकी वर्षं त्या दोरीवाचून खेळल्यामुळे आतली गादी झिजली आहे. ऑपरेशननंतर वर्ष जाईल, आणि तोवर तो तिशीला टेकेल. पगारी क्लब असा गुडघा विकत घेणार नाहीत. माझा नवरा स्वयंपाकघराच्या दारातून मला खूण करत होता, जरा हळू घे म्हणून. पण तो माणूस माझ्याकडे खरं ऐकायला आला होता. गोड बोलायला त्याच्याकडे अख्खं गाव होतं.

तो उठून बसला. पँटचा पाय खाली ओढला.

"त्यांनी मला चांगला आहेस असं म्हणायला नको होतं," तो म्हणाला. "आधी मला वाटायचं, मी बहुतेक तेवढा चांगला नाही. तेव्हा झोप लागायची."

मी पोहे वाढले. त्याने बशी संपवली, धुऊन ठेवली आणि दोघं गेले.

मी कोचला स्पष्ट सांगितलं, याला खेळवू नका, हा गुडघा कधीही जाईल. कोच भला माणूस. त्याने दोन शनिवार त्याला बाहेर बसवलं. दोन्ही शनिवारी तो पूर्ण ड्रेस घालून, बुटाच्या नाड्या बांधून, पावसात रेषेबाहेर उभा राहिला. तिसऱ्या शनिवारी कोच माझ्याकडे न बघता म्हणाला, "लव्ह, त्याला असं बघवत नाही मला." आणि त्याला आत घेतलं.

तो हंगाम आणि पुढचा अर्धा खेळला. गोल करायचा, पण गोल झाल्यावर हात वर करायचं त्याने सोडून दिलं होतं. वळायचा आणि मधल्या रेषेकडे चालू लागायचा.

गुडघा गेला तेव्हा जवळपास कोणी नव्हतं. थ्रो-इन होता, आणि बॉल घ्यायला तो नुसता वळला. डावीकडे. खाली बसला. ओरडला नाही. समोरच्या संघातला एक जण हसून म्हणाला, "उठ रे, कोणी हातही लावला नाही तुला." मी पिशवी घेऊन पोचले तोवर त्याने बुटाची नाडी सोडायला घेतली होती.

"थांब, मला बघू दे," मी म्हटलं.

"काही बघायचं नाही, डॉक्टर," तो म्हणाला. दोन्ही बूट काढून त्याने शेजारी गवतात ठेवले. मी आणि कोचने त्याला खांद्याचा आधार देऊन बाहेर आणलं. त्याच्या मोज्यांवर दरीतला काळा चिखल चढला होता.

ऑपरेशनसाठी नंबर लागायला हिवाळ्याचा उन्हाळा झाला. तोवर माझं रजिस्ट्रेशन आलं होतं आणि मी हॉस्पिटलात वृद्धांच्या वॉर्डमध्ये लागले होते. घसरून पडलेल्या आजीबाईंना पुन्हा पाऊल टाकायला शिकवायचं, हे माझं काम. शनिवारीही ड्युट्या असायच्या, त्यामुळे क्लब सुटला. ऑपरेशननंतर तो व्यायामाला यायचा तेव्हा जेवणाच्या सुट्टीत मी खाली जायची. सांगितलेला प्रत्येक व्यायाम तो करायचा, तक्रार न करता, शाळेतल्या शिक्षेसारखा. आठवड्यामागून आठवडे गेले तरी गुडघा पुरता वाकेना. एकदा मी म्हटलं, "अजून सहा महिने नेटाने केलंस तर जिना सहज चढशील." तो म्हणाला, "जिना." पुन्हा तो व्यायामाला आला नाही.

फॅक्टरीत दिवसभर उभं राहणं जमेना, म्हणून ते काम गेलं. बायकोला उत्तर इंग्लंडमधल्या एका मोठ्या वृद्धाश्रमात नोकरी मिळाली आणि ते तिकडे गेले. जाताना तिने फोन केला होता. तो बोलला नाही.

दोन-तीन वर्षांनी आम्ही त्या बाजूला एका मित्राकडे चाललो होतो. त्याच्या बायकोने पत्ता दिला होता, म्हणून वाटेत थांबलो. रविवार होता. त्याने दार उघडलं. अंगाने सुटला होता, आणि पाय वाकवायला नको म्हणून कमरेतून झोका देत चालत होता. एका गोडाउनमध्ये बसून करायचं काम मिळालं होतं. चहा झाला, शिफ्टचं बोलणं झालं, घरभाड्याचं झालं. फुटबॉलचा विषय कोणीच काढला नाही. भिंतीवर एकही फोटो नव्हता.

मग त्याचा फोन वाजला. वडिलांचा, गावाहून. तो उठून जिन्यात गेला आणि मोठ्या, खुशीच्या आवाजात बोलू लागला. तो आवाज मी फक्त एकदाच ऐकला होता, ट्रायलच्या त्या बुधवारी, फोनवर.

त्याची बायको कप गोळा करत होती. मी विचारलं, "काय म्हणतोय?"

तिने दाराकडे बघितलं आणि हळू आवाजात सांगितलं, "म्हणतोय, काल जिंकलो. एक गोल माझा. डोक्याने मारला."

मी माझा कप तिच्या हातात दिला.

"दर रविवारी सांगतो," ती म्हणाली. "वडील अंथरुणाला खिळलेत. शेजारी-पाजारी येऊन बसतात फोनच्या भोवती. आता कसं थांबवायचं, त्यालाच कळत नाही. आधी मी भांडले. मग एका रविवारी तो म्हणाला, हरलो. तर म्हातारा दोन दिवस जेवला नाही."

तो परत आला. घाम पुसला, माझ्या नवऱ्याला म्हणाला, निघताना मोटरवेने नको जाऊ, काम चालू आहे. दारापर्यंत सोडायला आला आणि आमची गाडी वळेपर्यंत उभा राहिला. नवरा गाडीत म्हणाला, "बरा दिसला की."

पुढच्या वर्षी त्याचे वडील गेले. त्याच्या बायकोचा फोन आला तेव्हा मी वॉर्डमधून बाहेर पडत होते. तो जाऊ शकला नाही. त्याच सुमारास त्याचे इथे राहण्याच्या परवान्याचे कागद नूतनीकरणाला गेले होते आणि पासपोर्ट हातात नव्हता. शेजाऱ्यांनीच सगळं उरकलं. कसा आहे तो, मी विचारलं. ती म्हणाली, बरा आहे. आता रविवारी फोन येत नाही. शनिवार-रविवार दोन्ही दिवस ओव्हरटाइम घेतो.