मला मिळालेलं क्रियापद

आमच्या जळगावच्या कॉलेजात इंग्रजी स्पेशल घ्यायचं तर फॉर्मवर विभागप्रमुख सरांची सही लागायची, आणि ती सही काही सहजासहजी मिळायची नाही. पहिल्या वर्षाला फर्स्ट क्लास असला तर सर मान वरही करायचे नाहीत, लगेच सही ठोकायचे. बाकीच्यांना मात्र ते एकेक शब्द द्यायचे. साधासुधा नाही, इंग्रजांनी स्वतःच टाकून दिलेलं एखादं जुनं क्रियापद. आठवडाभरात ते शोधून काढायचं, त्याचे अर्थ कोणते, ते कुठे आणि कसं वापरायचे, हे सरांसमोर उभं राहून इंग्रजीत सांगायचं. सरांना पटलं तर इंग्रजी. नाही पटलं तर मराठी, राज्यशास्त्र, अर्थशास्त्र यांची दारं उघडी होतीच.

ऐंशीचं दशक संपत आलं होतं. मी दीपनगरहून रोज जळगावला यायचे, आधी बसने भुसावळ आणि मग पॅसेंजर. माझा फर्स्ट क्लास थोडक्यात हुकला होता. जूनच्या सुरुवातीला फॉर्म घेऊन सरांच्या केबिनमध्ये गेले तेव्हा त्यांनी आधी माझं नाव वाचलं, मग आडनावावर जरा थांबले, मग पत्ता वाचला.

"दीपनगर. वडील काय करतात?"

"पॉवर स्टेशनला हेल्पर आहेत."

"असं कर, मराठी घे," सर म्हणाले. अगदी मायेने म्हणाले, तेच जास्त लागलं. "तुम्हा लोकांना ते बरं पडतं. स्कॉलरशिपही चालू राहील."

स्कॉलरशिप दोन्हीकडे चालू राहते हे मला माहीत होतं, आणि त्यांना माहीत नसेल असं होणं शक्य नव्हतं. माझं डोकं सणकलं. मी लहानपणापासून तापट. आई म्हणायची, हिच्या नाकावर माशी बसत नाही. पण त्या दिवशी मी राग गिळला आणि म्हटलं, "इंग्रजीच घ्यायचं आहे, सर."

सरांनी एक चिठ्ठी पुढे ओढली, तिच्यावर एक शब्द लिहिला आणि माझ्याकडे सरकवली. शब्द होता 'थोल'. "क्रियापद आहे. पुढच्या सोमवारी ये," ते म्हणाले. माझ्या आधीच्या मुलाला 'बिसीच', म्हणजे विनवणे, मिळालं होतं आणि त्याच्या आधीच्या मुलीला 'बिहोल्ड', म्हणजे पाहणे. ते शब्द निदान आम्ही कुठेतरी वाचले होते. माझा शब्द मात्र बापजन्मी कुणी ऐकलेला नव्हता.

इंग्रजीच का, असं मला तेव्हा पुष्कळांनी विचारलं. खरं कारण मी कुणाला सांगितलं नाही, ते इथे सांगते. मी नववीत असताना आबा, म्हणजे माझे वडील, एकदा कामावरून आले आणि चहा न घेता बसून राहिले. बाहेरून कुणी मोठे साहेब आले होते, आणि त्या साहेबांशी त्यांचे साहेब आबांच्या समोरच आबांबद्दल इंग्रजीत बोलत होते. आबा आपले हसत मान हलवत उभे राहिले. "माझं नाव दोनदा घेतलं त्यांनी," आबा आईला म्हणाले, "पण चांगलं बोलत होते का वाईट, ते काही कळलं नाही." आबा हे हसत हसतच बोलले. मला मात्र रडू आलं, आणि रडू आलं म्हणून आणखी राग आला. आमच्या घरातल्या माणसाबद्दल इथून पुढे कुणी बोललं तर ते मला कळलंच पाहिजे, असं मी त्या दिवशी ठरवून टाकलं. तेव्हा सरांची सही ही माझ्यासाठी नुसती सही नव्हती.

घरातल्या छोट्या डिक्शनरीत थोल सापडला, पण नाम म्हणून. होडीच्या काठावर वल्हं अडकवायचा खुंटा. माझ्या थोरल्या भावाला हे फार आवडलं. "घे, आता तापीत होडी चालव," तो म्हणाला, "इंग्रजी स्पेशल होडी!" आठवडाभर तो मला नावाडी म्हणत होता. जळगावला वाचनालयात जरा मोठी डिक्शनरी मिळाली. तिच्यात क्रियापद होतं, पण एका ओळीत उरकलेलं: जुना शब्द, अर्थ सोसणे. एका ओळीच्या जोरावर सरांसमोर काय उभी राहणार मी?

नशीब असं की धुळ्याचे मामा तेव्हा आमच्याकडे आले होते. ते म्हणाले, "आमच्या तिथल्या जुन्या वाचनालयात इंग्रजी डिक्शनरीचे हे एवढाले ठोकळे आहेत. पार कपाटभर. कुणी हात लावत नाही. चल माझ्यासोबत."

आई, जी मूळची शिंदखेड्याकडची आणि घरात अहिराणीच बोलायची, ती कपाळाला हात लावून म्हणाली, "एक शब्दसाठे इतली लांब जाशी? आनि ह्या उनमा?"

गेले. एस.टी.ची खिडकी लावली तर जीव गुदमरायचा आणि उघडली तर झळा तोंडावर यायच्या. पारोळ्याच्या स्टँडवर मामांनी मला उसाचा रस पाजला आणि स्वतः दोन ग्लास प्यायले. धुळ्याला पोचलो तर वाचनालयाच्या त्या कपाटाला कुलूप, आणि किल्लीवाले जेवायला गेलेले. ते आले ते ढेकर देत. किल्ली शोधायला त्यांनी जो वेळ लावला त्यावरून कळत होतं की मामा खोटं बोलत नव्हते, त्या कपाटाला खरंच कुणी हात लावत नसावं. "हे बाहेर न्यायला मिळत नाही हां," त्यांनी बजावलं. तो ठोकळा मी एकटी बाहेर नेऊ शकले असते असं त्यांना वाटलं, याचंच मला कौतुक.

माझ्या एवढ्याशा शब्दाला तिथे भरपूर जागा दिली होती. अर्थ एकाखाली एक लावलेले, आणि प्रत्येकाखाली जुन्या काळातली वाक्यं. पहिला अर्थ सोसणे, म्हणजे दुखणं, थंडी, मालकाचे फटके. मग चालवून घेणे. मग होऊ देणे, आडकाठी न करणे. शेवटी आणखी एक. इंग्लंडच्या शहरांतून हा शब्द कधीच गेला होता, पण उत्तरेकडच्या खेड्यांत आणि स्कॉटलंडात म्हाताऱ्या बाया तो अजून बोलतात, असं त्यात होतं. हे मी मामांना सांगितलं तर ते खूश झाले. "म्हणजे आपल्या अहिराणीसारखंच झालं की! ऑफिसात कुणी बोलत नाही, पण घरी चप्पल काढली की सुरू."

मामा खूश होते, मी नव्हते. जी जी वाक्यं वाचावीत त्यात कुणी ना कुणी मुकाट सोसतंय, मेंढपाळ थंडीत कुडकुडतोय, नोकर मालकाचे फटके खातोय. मला 'सोशिक' या शब्दाचा मनापासून तिटकारा. आमच्या नात्यात कुणी आलं की आईकडे बघून म्हणायचं, फार सोशिक बाई. जणू काही सोसणं हा आमच्यासाठी राखून ठेवलेला गुण. माझ्या इंग्रजीची सुरुवातच या शब्दाने व्हावी याचा मला संताप आला होता. सरांनी तो मुद्दाम दिला की सहज आला हाताला, कोण जाणे. मी मात्र मुद्दामच दिला असं धरून चालले होते.

परत आले तेव्हा आई गच्चीवर बिबडे घालत होती. ज्वारीचे हे पापड खान्देशात उन्हाळ्यात घरोघरी होतात. दोन खाटा आडव्या टाकून त्यांवर धुतलेली लुगडी अंथरली होती. मी तिला मदत करायला बसले आणि तेवढ्यात वावटळ आली. धूळ, पाला, कागद, सगळं खाटांवर. अर्धे बिबडे उडून गच्चीभर झाले. मी डोळे चोळत उभी राहिले आणि चिडून म्हटलं, "आई, तू हे दरवर्षी सोसतेस कसं?"

आई तोवर कामाला लागलीही होती. ओल्या फडक्याने एकेक बिबडा टिपत, लुगडं झटकत ती म्हणाली, "सोसू कसाले? उचलस, झटकस, परत घालस." मग माझ्याकडे बघून म्हणाली, "तू उभी काब्र? ते कोपराम्हातलं उचल."

मी कोपऱ्यातले बिबडे उचलले, आणि उचलता उचलता एकदम उमगलं की मी त्या शब्दाला चुकीचं मराठी लावत होते. सोसणारा खाली बघतो. आई खाली बघतच नव्हती, ती पुढचा बिबडा बघत होती. याला आपल्याकडे तग धरणं म्हणतात. त्या डिक्शनरीतला थंडीतला मेंढपाळ नुसता कुडकुडत नव्हता, वसंत येईपर्यंत तो आणि त्याच्या मेंढ्या टिकल्या होत्या. फटके खाणाराही फटके मारणाऱ्याच्या नंतर शिल्लक होता, म्हणून तर त्याचं वाक्य लिहिलं गेलं. त्या दिवसापासून तो शब्द मला परका वाटेनासा झाला. तो माझाच होता, आता फक्त सरांना सांगायचं होतं.

सोमवारी केबिनमध्ये पंखा फुल सोडलेला होता. बोलायला लागले. पहिली काही वाक्यं घोकून घोकून इतकी गुळगुळीत झाली होती की ती आपोआप बाहेर पडली. सोसणे, चालवून घेणे, होऊ देणे. मग मी म्हटलं की या शब्दात हार नाही, टिकणं आहे, आणि उदाहरण म्हणून आईच्या बिबड्यांचं वाक्य दिलं.

सरांच्या चेहऱ्यावर हसू आलं. "बिबड्यांना इंग्रजीत काय म्हणशील?"

"बिबडेच, सर."

ते मोठ्याने हसले. मला बरं वाटलं, आता सही होणार. पण त्यांनी हात वर केला. "पुरे. मेहनत केली आहेस, दिसतंय. पण पाठ करून आलीस. असं पाठ करून स्पेशल झेपत नाही." त्यांनी चिठ्ठ्यांचा गठ्ठा पुढे ओढला. "दुसरा शब्द देतो. पुढच्या सोमवारी पुन्हा ये, मग बघू."

 पुढचा सोमवार म्हणजे फॉर्मची मुदत संपल्यानंतरचा. आणि पुढच्या सोमवारनंतर आणखी एक सोमवार असणार, हेही मला दिसत होतं.

"बिसीचवाल्याला दुसरा शब्द दिलात का, सर?"

"त्याची गोष्ट वेगळी."

"आणि बिहोल्डवालीला?"

सरांनी गठ्ठ्यातली वरची चिठ्ठी ओढून घेतली. तेव्हा मी म्हटलं, "सर, शेवटचा अर्थ सांगायचा राहिलाय." आणि त्यांनी नको म्हणायच्या आत मी सांगू लागले. स्कॉटलंडच्या न्यायालयांत हे क्रियापद अजून जिवंत आहे. आरोपी न्यायालयासमोर उभा राहिला, खटला पूर्ण झाला, की त्याने आपला खटला 'थोल' केला असं म्हणतात. आणि एकदा तो थोल केला की त्याच आरोपासाठी त्याला पुन्हा उभं करता येत नाही.

"मी माझा थोल केलाय, सर," मी म्हटलं. "आज. इथेच."

आधीचं सगळं मी पाठ केलं होतं, हे सरांचं अगदी खरं होतं. हे वाक्य मात्र पाठ केलेलं नव्हतं, आणि तरीही ते इंग्रजीतून आलं होतं. ते सरांच्याही लक्षात आलं असावं, कारण ते खुर्चीत ताठ बसले. मग त्यांनीही इंग्रजीतच विचारलं, मघासारखं हसून नाही, "आणि तुझ्यावर आरोप काय होता?"

"ते तुम्ही सांगा, सर. मला अजून कुणी सांगितलेलं नाही."

पंखा गरगरत होता. सर माझ्या फॉर्मकडे बघत होते, बहुतेक आडनावाकडे, कदाचित नसेलही. त्यांचा चेहरा लाल झाला होता. मग त्यांनी फॉर्म स्वतःकडे ओढला, पेनचं टोपण काढलं आणि सही केली. 

बाहेर व्हरांड्यात आल्यावर लक्षात आलं, मी थँक्यू म्हणायला विसरले होते. दारापर्यंत परत गेले. मग वळले आणि ऑफिसात फॉर्म द्यायला निघून गेले.