शालनचे ऋण घातांक

शालन गेल्याची बातमी मला माझ्या मुलीकडून कळली. "आई, शालनमावशी गेली गं..." अश्विनी पुण्याहून फोनवर रडत होती. शालनच्या मुलानं आधी तिला कळवलं होतं, मला नाही. सांगलीला बी.एड.ला आम्ही एका खोलीत राहिलो, पुढं कोरेगावला एकाच शाळेत गणित शिकवलं... आणि त्या घडीलाही मला आधी लागलं ते हेच.

शालन मूळची कवठे महांकाळकडची, बोलणं शेवटपर्यंत गावाकडचं. पोरं मात्र तिच्याच वर्गासाठी हट्ट धरायची. त्याचं एक वेळ चालेल. पण अश्विनी तर माझी मुलगी! तिला ऋण घातांक काही केल्या उमजेनात. दोनचा घातांक वजा तीन म्हटलं, की उणे आठ लिहून मोकळी. "एक छेद आठ! छेदात टाकायचं, एवढंच पाठ कर," मी ओरडायचे. एका रविवारी शालन आली आणि स्वयंपाकघरात फरशीवरच खडू घेऊन बसली. तिनं दोनचे घातांक मांडले, तीन, दोन, एक, शून्य. समोर उत्तरं, आठ, चार, दोन, एक.

"घातांक एकानं उतरला की उत्तराचं काय हुतंय?"

"निम्मं."

"मग शून्याच्या खाली उतर की. थांबलीस का?"

"अर्धा... पाव... एक अष्टमांश!" अश्विनी टाळी वाजवत म्हणाली, "मावशी, उत्तर उणे आलंच नाही!"

"न्हाईच येत, बाई. नुसतं बारीक हुत जातंय."

पोरगी तिच्या गळ्यात पडली. मी चहा टाकायला वळले. कान तापले होते. पुढं अश्विनीनं गणितातच एम.एस्सी. केलं. निकालाचे पेढे आधी शालनकडे जायचे. एकदा मी बोलून दाखवलं, तर ती म्हणाली, "मला पोरगी न्हाई गं. एवढं तरी असू दे." पण माझा हेवा काही गेला नाही.

दिवसकार्याला आम्ही दोघी सांगलीला गेलो. निवृत्तीनंतर शालन तिथंच होती, मागच्या खोलीत शेजारची मुलं शिकायला यायची. भिंतीवरच्या फळ्यावर तिच्या अक्षरात अजून गणित होतं, चारचा घातांक वजा दोन, बरोबर एक छेद सोळा. तिच्या मालकांना ते पुसवत नव्हतं. अश्विनी फळ्यापाशी उभी राहून हुंदके देऊ लागली.

"मी गेल्यावर अशी रडशील का गं?" माझ्या तोंडून निघून गेलं.

"आई... आज तरी नको."

हा जळफळाट जिला जाऊन सांगावा, अशी मला एकच मैत्रीण होती.