सूपभर कोंड्याचं नाव

२०२२ साल. मी अठ्ठ्याहत्तर वर्षांचा. हे अठ्ठ्याहत्तर शाळेच्या दाखल्यावरचं, मास्तरांनी माझ्याकडे बघून अंदाजानं लिहिलेलं. शाळा मी चौथीत सोडली, पण दाखला ठेवलाय.

त्या साली भाताची कापणी उरकता उरकता माझ्या नातवाला मुलगी झाली. त्याचं हे तिसरं. आधीची दोन राहिली नाहीत. एक पाचव्या दिवशी गेलं, एक जन्मलं तेच गार. दोघंही आमच्या वरच्या शेताच्या बांधाखाली आहेत. एवढ्या लहानाला जाळत नाहीत, पुरतात, आणि वर बोरीची काटी टाकतात, कोल्ह्यानं उकरू नये म्हणून.

नातसून मुरबाडकडची, बारावी झालेली. त्या दोघांची नावं तिनं पोटात असतानाच काढली होती. मोबाइलमध्ये नावांचं काहीतरी असतं म्हणे, त्यात नवराबायको रोज बघत बसायचे. पहिल्याच्या वेळी मी विचारलं होतं, "अर्थ काय त्याचा?"

"पहाटेचं पहिलं दव, आबा."

"कुठल्या भाषेत?"

नातवानं डोकं खाजवलं. "ते बघायला लागेल."

"मग बघून ठेव. पोरगा उद्या विचारील."

तेव्हा सगळे हसले होते. नातसून त्या नावानं पोटाशी बोलायची. भांडी घासताना, वाल सोलताना. मला ते ऐकायला बरं वाटत नव्हतं, पण म्हातारा उठसूट बोलतो असं व्हायला नको म्हणून गप्प बसलो. दुसऱ्या वेळीही तसंच. दुसऱ्यानंतर ती बोलायचीच थांबली.

त्यामुळे ह्या तिसरीला नाव नव्हतं. बाराव्या दिवशी ती दवाखान्यात काचेच्या पेटीत होती, पायाला पट्टी, पट्टीवर आईचं नाव आणि पुढं 'बेबी'. बायकांनी ठरवलेलं बारसं राहून गेलं. घरी आणल्यावरही नातसुनेनं पाळणा बांधू दिला नाही. पोरीला ती 'ही' म्हणायची. ही झोपली, ही प्यायली. लसीकरणाला बोलवायला येणारी आशाताई म्हणाली, "अगं, नाव सांग की, कार्डावर घालते." नातसून म्हणाली, "बाळ लिहा."

माझी बायको असती तर तिनं काही केलं असतं. ती नाही, मग मी ठरवलं. पोर विकायचं.

हे नव्या माणसांना सांगावं लागेल. माझ्या आधी माझ्या आईची चार गेली. मी झालो तेव्हा मला सुपात घातलं आणि मागच्या दारानं सुईणीला विकलं. किंमत एक सूप कोंडा. सुईणीनं कोंडा दिला, मला घेतलं, आणि मग तिनंच मला माझ्या आईकडे सांभाळायला ठेवलं. त्याच कोंड्यावरून माझं नाव पडलं. ती सुईण ओढ्यापलीकडच्या वाडीतली. गाव तेव्हा त्या वाडीला जे म्हणायचं ते मी लिहीत नाही. आज ती बौद्धवाडी. विकायचं ते तिथंच का, तर मरण दाराशी आलं की त्याला वाटावं, हे तर त्यांचं पोर, ह्याला नेऊन काय करायचं.

आणि मी जगलो. जन्मभर हे मी मिशीला पीळ देऊन सांगत आलो. चौघांना नेलं त्याला मी फसवलं. नावाला गावातली पोरं हसायची, मी म्हणायचो, तुमची चांगल्या नावाची भावंडं कुठायत?

माझ्या लग्नात रिवाजाप्रमाणं त्या सुईणीला लुगडं काढलं होतं. न्यायला ती आली नाही. तोवर त्यांची वाडी सगळी बौद्ध झाली होती. तिच्या मुलीनं अंगणाबाहेरूनच सांगितलं, "आईनं सांगितलंय, आता आमी असलं काय करत नाय." आमच्या घरात त्याचा राग पुष्कळ दिवस धरला होता. मीही.

नातवाला बेत सांगितला तर तो ताटावरून उठला.

"आबा, त्या सुईणीच्या घरचा पोरगा न मी आटगाववरून एकाच गाडीला असतो. डबा एकत्र खातो आमी. त्याला मी काय सांगू, की माझ्या आजाला तुझ्या घरात पोर विकायचंय?"

"डबा खा ना. डब्याला कोण नाय म्हणतंय?"

"तुमाला कळत नाय आबा."

"मी जगलो ते मला कळतंय."

तो कामावर गेल्यावर नातसून माझ्यापुढं येऊन उभी राहिली. पोर खांद्याला. "आबा, वाचेल ना?" एवढंच तिनं विचारलं. मी म्हणालो, "चल."

सुईण कधीच गेली होती. तिची मोठी मुलगी होती, तीच लग्नाच्या वेळी आलेली. माझ्याहून सहा-सात वर्षांनी मोठी. मी सूप घेतलं. कोंडा सोसायटीच्या गिरणीवरून आणला होता, म्हणजे तिला तोशीस नको. वालाच्या शेतातून आम्ही ओढा ओलांडला. नातसून पुढं, मी मागं. वाटेत कुणी भेटू नये असं मला वाटत होतं, आणि तसं वाटतं ह्याचा रागही येत होता.

घर पक्कं, स्लॅबचं. भिंतीवर दोन तसबिरी, ताजा हार. म्हातारी ओटीवर उन्हाला पाय सोडून बसली होती. मला लांबूनच ओळखलं.

"ये रे, इकतच्या भावा! कोण मेलं का काय तुमच्यात, एवढ्या खाली उतरलास ते?"

मला 'अरे' म्हणणारं गावात आता कुणी उरलेलं नाही. मी उभाच राहिलो. "कोण मेलं नाय. मरू नये म्हणून आलोय," म्हणालो, आणि सगळं सांगितलं. दोन कशी गेली, ही कशी आहे, आणि माझ्या वेळी तिच्या आईनं काय केलं होतं. सूप तिच्यापुढं ठेवलं.

तिनं सुपात बघितलं. कोंड्यात बोट फिरवलं.

"इकणारा तूच, न किंमत बी तूच आणलीस. मग माझं काय लागतं रे ह्यात?"

मी सूप आणखी तिच्याकडे सरकवलं.

"सांग ना. आमचं हलकेपण तेवढं लागतं. होय का नाय?"

"तसं नाय," मी म्हणालो. "रीत हाय."

"रीतच ती. माझी सून बँकेत हाय. ती आली न तिनं हे सूप बघितलं तर तुला काय बोलेल ते तुला सोसायचं नाय. उचल ते."

मी हट्टी माणूस. उचललं नाही. पण नातसून तिच्या पायाशी बसली आणि तिनं पोर म्हातारीच्या मांडीवर ठेवलं. म्हातारीनं सवयीनं हात खाली धरला, डोकं सावरलं.

"लई हलकी गो," ती म्हणाली. "नाव काय?"

"ठेवलं नाय."

"का?"

"ठेवलं की जातं, आजी."

म्हातारीनं पोरीचं दुपटं सारखं केलं. मग माझ्याकडे न बघता बोलली, पण ते मलाच होतं.

"हा झाला ना, तवा आमचा बी एक होता. माझा भाऊ. ह्याच्या आठ दिवस आधीचा. आई बाळंतीण, न ह्यांच्याकडचं बोलावणं आलं, तशीच उठून गेली. ह्याच्या आईला दूध नव्हतं. ह्याला आमच्या घरात ठेवला चार-पाच दिवस, लोकांना सांगितलं रीत हाय. आईनं दोघांना पाजलं. आमचा तापला न गेला. हा राहिला."

हे मला कुणी कधी सांगितलं नव्हतं. विकून लगेच परत आणलं असंच घरात सांगायचे. आमच्या घरातलं बाळ त्या घरचं दूध प्यालं, हे सांगणार कोण?

"तुमचं जगंना, तर तुमी आमाला इकलंत," म्हातारी म्हणाली. "आमचं जगंना तर आमी कुणाला इकायचं? आमच्या खाली कोण होतं?"

नातसुनेनं विचारलं, "त्याचं नाव?"

"कुठलं नाव. ठेवायचं राहिलं. आईला बाकी तेच लागलं जन्मभर. शेवटी आजारात भान नव्हतं तिला, तर त्याला हाका मारायची. आमी दोघी बहिणी असताना आमाला नाय, त्याला. आता हाक मारायची तर काय मारायची? ए, म्हणायची. ए... ए... नुसतं तेवढंच, दिवसभर. आमाला वाटायचं पाणी मागते." तिनं पोर उचलून नातसुनेच्या ओटीत दिलं. "नाव नाय ठेवलं म्हणून पोर वाचत नाय गो. न मी सुपात घेतलं म्हणून बी नाय वाचायचं. दवाखान्यात नेत जा. घरात धूर करू नको."

मी सूप तिथंच ठेवून निघालो. रागानं. कुणाचा राग ते मला ओढा ओलांडेपर्यंत ठरवता आलं नाही.

वालाच्या शेतात नातसून थांबली. पोरीचं तोंड पदराबाहेर काढलं आणि तिच्या कानाशी एक नाव बोलली. मग मोठ्यानं, मला ऐकू यावं म्हणून. नाव मोबाइलमधलंच असावं, माझ्या तोंडात न बसणारं.

"आत्या लागते नाव ठेवायला," मी म्हणालो. "पाळणा लागतो. शेतात उभं राहून नाव ठेवतात?"

"मी ठेवलं, आबा."

"न काय झालं म्हणजे?"

"झालं तर झालं," ती म्हणाली. तिनं पुन्हा तेच नाव घेतलं.

त्यानंतर घरात ते नाव सारखं ऐकू यायचं. पंधरा-वीस दिवस. नातू संध्याकाळी आला की चप्पल काढायच्या आधी हाक मारायचा. मी नाव घेत नव्हतो. मी 'बाय' म्हणायचो. थंडी वाढली तशी पोरीची छाती भरली. शहापूरला नेली, तिथून गाडी करून ठाण्याला पाठवली. ठाण्याला पोचली नाही. नातू मांडीवर घेऊनच परत आला.

अंगणात बायका जमल्या. कुजबूज मला ऐकू आली. नाव ठेवलंन, न गेली. बघा. माझ्याही मनात होतं ते, आणि वर हेही, की म्हातारीनं सुपात घेतली असती तर. आजही कधी कधी मनात येतं. येत नाही असं खोटं कशाला सांगू?

आम्ही पोर घेऊन निघालो. आमच्यात आईला मागं येऊ देत नाहीत, आणि तिनं हाकही मारायची नसते. हाक ऐकून ते मागं फिरतं म्हणतात. आधीच्या दोघांना तिनं मारली नव्हती. तोंडात पदर कोंबून बसली होती. ह्या खेपेला ती उंबऱ्यात येऊन उभी राहिली आणि तिनं पोरीला नावानं हाक मारली. पूर्ण नावानं. मग पुन्हा. शेजारची म्हातारी तिचं तोंड दाबायला धावली, "गप गो, गप, हाक मारू नको, वाटेतनं फिरेल ती!"

मी मागं वळलो. "हात काढ," म्हणालो.

"अवो, पण..."

"हात काढ तिच्या तोंडावरचा. मारू दे हाक."

माझ्यापुढं गावात कुणी बोलत नाही. शेजारणीनं हात काढला. वरच्या शेतापर्यंत ती हाक ऐकू येत होती. नातवानं खड्डा काढला, मी माती लोटली. बोरीची काटी मीच तोडली. हाताला काटे लागले, ते घरी येऊन बघितले. चूल पेटली नव्हती. पेटवा असं सांगायलाही कुणी नव्हतं.

कुणी गेलं की आमच्यात जवळच्या नात्याला माणूस पाठवून सांगावा धाडतात. नातसुनेच्या माहेरी नातवानं फोन केला. बाकी कुणाला कळवायचं, तर एवढ्या लहानाचं कुणाला कळवत नाहीत.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी उठलो, ओढा ओलांडला आणि म्हातारीच्या ओटीवर जाऊन बसलो. ह्या वेळी उभा राहिलो नाही. "गेली," म्हणालो. मग नाव सांगितलं. पहिल्यांदा नीट आलं नाही, म्हणून पुन्हा सांगितलं. म्हातारीनं ते माझ्यामागून हळू म्हणून बघितलं. मग आत गेली, सुनेला काहीतरी बोलली, आणि फडक्यात बांधलेल्या भाकऱ्या आणि डब्यात वालाची आमटी असं घेऊन आली.

"चूल पेटली नसंल तुमच्याकडं," ती म्हणाली. "नेशील का?"

मी भाकऱ्यांचं गाठोडं आणि आमटीचा डबा हातात घेतला आणि शेतातून न जाता गावातल्या रस्त्यानं घरी आलो.