रडलेला दिवस धरायचा नाही

मी खोटारडी आहे, हे आधीच सांगून टाकते. म्हणजे पुढं कुणी "काय मायेची वैनी हो!" असं म्हणायला नको.

गाठीच्या साथीनं कोल्हापूर ओस पडलं, त्या सालची गोष्ट. सरकारचा हुकूम निघाला आणि माणसं रानात झोपड्या घालून राहिली. सासरे महाराजांच्या पागेत मोतद्दार, नवरा त्यांच्या हाताखाली. दोघांचा दिवस घोड्यांपाशी जायचा. झोपडीत आम्ही तिघी: सासूबाई, मी आणि माझी नणंद. नणंद दहा वर्षांची, लग्न झालेली, पण अजून सासरी न धाडलेली. मी तिच्याहून सहा वर्षांनी थोरली, तरी सासूबाईंसमोर तिला "वन्सं" म्हणायचं. शेंबूड पुसायला सांगायचा तोही "पुसा की, वन्सं" असं अदबीनं.

तिची जिवाभावाची मैत्रीण साथीत गेली आणि पोरीचं रडं काही थांबेना. तिला गप्प करायला मी एक राज्य काढलं, रंकाळ्याच्या तळाशी. राजा कासव. तिथं अहो-जाहो नाही, सासू नाही आणि आपलं पंचांगही नाही. त्या राज्याचं पंचांग आम्ही दोघींनी बसून केलं. आठवडा पाच दिवसांचा: दळणवार, धुणवार, सारवणवार, गप्पावार आणि निजवार. वीस दिवसांचा महिना, त्याला खायच्या जिनसाचं नाव. चिंचेचा, आंब्याचा, जांभळाचा, कणसाचा, अशी वर्षभर चंगळ. एकादशी काढूनच टाकली, मला मेला उपास सोसत नाही. दिवस मावळला की करवंटीत एक चिंचोका टाकायचा. झाला दिवस.

आणि एक कायदा. तो माझ्याच डोक्यातला. ज्या दिवशी रडू आलं, तो दिवस धरायचा नाही. कासवाचा कारकून पाण्यावर तारीख लिहितो, डोळ्यांतला थेंब पडला की ती पुसते. मग चिंचोका टाकायचा नाही.

"म्हंजी आजचा दिस झालाच न्हाय?" तिनं विचारलं.

"न्हाईच की!"

पोरगी खुदकन हसली. काय अक्कल चालवली, म्हणून मीच माझ्यावर खूश.

साथ सरली, आम्ही घरी आलो. दोन वर्षांनी जेठ महिन्यात तिला सासरी, मलकापूरला, धाडायचं ठरलं. गाडीत बसताना ती माझा पदर सोडेना. मी तिच्या कानात म्हटलं, "आंब्याचा आन जांभळाचा, दोनच महिनं. चाळीस चिंचोकं झालं की पंचीम. मुराळी घिऊन येतेच बघ तुला न्यायला."

"आण घे."

"आईची आण," मी म्हटलं. तेव्हा कुठं पदर सुटला.

आता आमच्या घरची रीत सांगते. लेक नागपंचमीला माहेरी आली की सुनेनं घर सोडायचं नाही. लेकीनं झोके घ्यायचे, सुनेनं कानवले उकडायचे. मी तर साथीमुळं आणि मग सासूबाईंच्या दुखण्यामुळं तीन वर्षं माझ्या आईचं तोंड पाहिलं नव्हतं. पन्हाळ्याच्या पायथ्याला माहेर, छपरावर चढलं तर डोंगर दिसायचा. जीव नुसता तुटायचा.

पंचमीला आठ दिवस असताना मलकापूरच्या बाजाराला जाणारा बागवान दारात आला. सासूबाई परसात होत्या. तो म्हणाला, "भैनी, तुमची पोर इहिरीवर भेटली. लई रडत हुती बगा. मुराळी लवकर धाडा म्हणाली." मी त्याला पाणी दिलं आणि वाटेला लावलं.

"काय म्हणत हुता गं?" सासूबाईंनी परसातनं येत विचारलं.

"यंदा न्हाईत पाठवत वन्संना. लावणीची घाई हाय म्हणं."

कसं आलं तोंडातून, देवाला ठाऊक. सासूबाईंनी पदरानं डोळे पुसले. "मग तू तरी जा बाई म्हायारी," त्या म्हणाल्या. आणि मी गेले! झोका घेतला, फेर धरला, आईच्या हातचं दोन वेळा मागून खाल्लं. लाज कशी वाटली नाही, म्हणाल, तर वाटली. पण झोक्यावरनं उतरले नाही.

दिवाळीला नवरा तिला आणायला निघाला, तशी मी हट्टानं गाडीत बसले. "मुराळ्याबरं बाईमाणूस कुठं जातं व्हय?" सासूबाई करवादल्या, पण जाऊ दिलं. वाटभर मी सबबी जुळवत होते. गाडीचा आस मोडला, मामंजींना ताप आला. एकही धड बसेना.

ती दारातच उभी होती. वाळून काटकी झालेली, हातांना भेगा. मी तोंड उघडायच्या आत गळ्यात पडली, मग आत पळाली आणि एक पुरचुंडी घेऊन आली. माझ्या ओंजळीत चिंचोके ओतले. एकोणीस.

"चाळीस कुठं झाल्यात अजून?" ती हसत म्हणाली. "वैनी, तू लवकर आलीस की गं!"

चार महिने झाले होते. चार महिन्यांत एकोणीस दिवस. मी तिथंच उंबऱ्यावर बसले. नवऱ्याला वाटलं, गाडी लागली.

तिला आता नातवंडं आहेत. दर पंचमीला येते, आणि मी त्या सालानंतर पंचमीला माहेरी गेलेली नाही. झोक्यावर बसून ती पोरींना सांगते, "माजी वैनी बोलल्या दिसाच्या आदी आली हुती, अशी वैनी मिळाय नशीब लागतं." सांगून टाकावं, म्हणून मी चुलीपासनं उठून दारापर्यंत जाते. आणि "वन्सं, अजून एक कानवला देऊ का?" एवढंच विचारते.