भागभरीचा खटला कुणाच्या दारात?

भागभरी सिंधमधल्या मेहडच्या सरकारी दवाखान्यात सुईण-नर्स होती. पुराच्या वर्षी गाव रिकामं झालं तेव्हा ती बंधाऱ्यावरच राहिली. तिथे ताडपत्रीखाली तिने जुलेखा नावाच्या बाईला मोकळं केलं. मुलगी झाली. पाणी ओसरल्यावर भागभरी कामावर परतली, तर दारावर हुकूम लावलेला: गैरहजेरीबद्दल नोकरीवरून कमी. चौकशी नाही की विचारणा नाही.

तिचा नवरा सूमर म्हणाला, कोर्टात जाऊ. पण कुठल्या कोर्टात, हे त्याला कुठलं ठाऊक असायला! दवाखाना त्या वेळी एका संस्थेला चालवायला दिलेला होता. त्यावरून पहिल्या वकिलाने ठोकून दिलं की ही संस्थेची कामगार, म्हणून कामगार न्यायालय. तिथे तारखा पडत राहिल्या, आणि अखेर साहेबांनी सांगितलं की बाई सरकारी नोकर आहे, हे आमचं काम नव्हे. वकील खांदे उडवून मोकळा झाला.

मग हायकोर्ट. सिंधच्या उन्हात भागभरी पहाटेच्या बसने हैदराबादला जायची, नाव पुकारायची वाट बघत व्हरांड्यात बसायची. जुलेखाही दोनदा बरोबर आली, कडेवर पोर घेऊन. "मी सांगते ना साहेबाला, ही माझ्याजवळ होती," ती म्हणायची. पण साक्षीची वेळच येईना. इतक्या वर्षांत भागभरी त्या दिवशी कुठे होती, हे एकानेही विचारलं नाही. सगळा काथ्याकूट ती कुणाच्या दारात उभी राहायला हवी होती याचाच. शेवटी हायकोर्टानेही हात झटकले: नोकरीच्या अटींचा वाद सरकारी नोकरांच्या ट्रायब्युनलकडे.

त्या रात्री तिने ताटातली बीहची, कमळाच्या देठांची, भाजी तशीच बाजूला सारली. सूमर समजूत घालू लागला तशी ती उसळली. "मी चोरी केली असती तर बरं झालं असतं. चोराला निदान कुठल्या कोर्टात उभं करायचं ते तरी पोलिसांना माहीत असतं."

नवे वकील निहालचंद म्हातारे होते. त्यांनी कागद चाळले आणि कपाळाला हात लावला. "अदी," सिंधीत बहिणीला म्हणतात तसं ते म्हणाले, "पहिल्यांदा आरोग्य खात्याकडेच अपील करायचं असतं. उत्तर नाही आलं तर ट्रायब्युनल. हे कुणी सांगितलं नाही?"

"अदा, सांगणारे सगळे फी घेऊन बोलत होते," ती म्हणाली.

निहालचंदांनी खात्याकडे अपील टाकलं, वाट पाहिली आणि मग ट्रायब्युनल गाठलं. सरकारी वकील म्हणाले, बाईंना फार उशीर झाला. निहालचंदांनी सांगितलं, बाई झोपून नव्हत्या, चुकीची दारं प्रामाणिकपणे ठोठावत होत्या. ट्रायब्युनलने उशीर माफ केला, हुकूम रद्द केला आणि खात्याला रीतसर चौकशी करायला सांगितलं.

आता साक्षीदार हवा होता, आणि जुलेखाचं घरदार पोटासाठी कराचीला निघून गेलेलं. भागभरी तिथल्या लियारी वस्तीच्या गल्ल्यांत दारोदार विचारत फिरली. सापडली तेव्हा जुलेखा कपडे शिवायच्या कारखान्यातून नुकती आली होती. तिने पाणीसुद्धा न पिता विचारलं, "कधी यायचं?"

चौकशी अधिकारी तरुण होते. त्यांनी जुलेखाचं सगळं ऐकून घेतलं, शेजारी बसलेल्या तिच्या लेकीकडे पाहिलं, आणि भागभरीला निर्दोष ठरवलं. ती पुन्हा दवाखान्यात रुजू झाली. मधली सारी वर्षं मात्र खात्याने बिनपगारी रजा म्हणून नोंदली.

हे सांगायला ती निहालचंदांकडे गेली. त्यांनी त्या वर्षांच्या पगारासाठी नवं वकीलपत्र पुढे सरकवलं. तिने पेन उचललं नाही.

"आधी दार सांगा," ती म्हणाली.

"खात्याकडे अपील. मग ट्रायब्युनल."

"आणि त्यांनीही दुसरीकडे बोट दाखवलं तर?"

निहालचंदांनी पेन उचलून तिच्यापुढे धरलं. तिने चष्मा काढून पुसला आणि सही केली.