पद्मिनीचा उखाणा आणि पलटणीचा मुक्काम

पद्मिनी लाइव्ह येते म्हटलं की उत्तरेतल्या छावणीलगतच्या आमच्या तेलीबागेतल्या शहाण्या बाया नाक मुरडतात. मुरडा! साताऱ्याकडची ही हवालदाराची बायको भाड्याच्या दोन खोल्यांत मोबाइल मसाल्याच्या डब्याला टेकवते, स्वयंपाक करता करता गप्पा हाणते, आणि अंबाल्यापासून जबलपूरपर्यंतच्या फौजी बायका आपापली भांडी घासत ऐकतात. नवरा सीमेवर असला की घरात बोलणारं माणूस लागतं. ज्यांना हे कळत नाही त्यांच्याशी मी भांडते. हे कळायला डिग्री लागत नाही.

त्या दुपारी मी, तिची शेजारीण, तिच्या स्वयंपाकघरातच होते. श्रीखंड चाललेलं. "वहिनी, उखाणा!" म्हणून कॉमेंटांवर कॉमेंटा. पद्मिनीनं पदर सारखा केला आणि ठोकून दिलं:

"चक्का फेटला हाताने, केशर घातलं भरपूर,
प्रसन्नरावांची पलटण निघाली, मुक्काम जोधपूर!"

स्क्रीनवर लाल बदाम उडाले. पद्मिनीचा चमचा मात्र हवेतच राहिला. पलटण कुठं जाते ते बाहेर बोलायचं नाही, हे फौजीच्या घरात पोरांनाही ठाऊक असतं.

तिनं झटक्यात लाइव्ह बंद केलं. "ताई, ह्यांची नोकरी गेली हो!"

व्हिडिओ मी पुसला. पण ऐकलेलं कसं पुसणार? तिची लेक हिमानी म्हणाली, "मम्मी, किसी ने रिकॉर्ड कर लिया होगा तो?"

"तू गप गं!" मी खेकसले. "पद्मिनी, फोन लाव. त्यांना दुसऱ्याकडून कळण्याआधी तू सांग."

तिनं रडत सगळं सांगितलं. पलीकडून प्रसन्नरावांचं खो खो हसू.

"पद्मे, जोधपूरला कोण चाललंय?"

"अहो, तुम्हीच सांगितलंत ना!"

"सांगितलं. तुला गाव कळलं की ते उखाण्यात येणार, एवढं ओळखतो मी तुला. खरं गाव तुला सांगितलंच नाही. साहेबांच्या कानावर घालतो, तू रडू नको."

पद्मिनीनं डोळे पुसले, हसली, आणि मग भडकलीच. "म्हणजे बायकोशी खोटं? या घरी, श्रीखंडाचं बोट तरी चाटायला मिळतंय का बघा!"

त्यांच्या वाटणीची वाटी मीच संपवली. दुसऱ्या दिवशी बाई पुन्हा लाइव्ह:

"वरणभातावर वाढते साजूक तूप,
प्रसन्नरावांचं गाव विचारू नका, तोंडाला कुलूप!"

पहिला बदाम प्रसन्नरावांचाच आला; कुठल्या गावाहून, ते मीही सांगणार नाही.